कसोटी जिभेची : रायपूरच्या सदर बाजारातील एक गोड पदभ्रमंती

रायपूरच्या सदर बाजारात सोने खरेदी करणारा माणूस सहसा घाईत नसतो. दागिना हातात घेऊन तो वजन पाहतो, हॉलमार्कची खूण भिंगातून न्याहाळतो, घडणावळ किती लावली हे दोनदा विचारतो आणि मगच पैसे मोजतो. पूर्वी सराफ काळ्या कसोटीच्या दगडावर दागिन्याची रेघ ओढून, तिच्यावर आम्लाचा थेंब टाकून सोन्याचा कस सांगत असे. १६ जून २०२१ पासून टप्प्याटप्प्याने हॉलमार्क सक्तीचा झाला आणि १ एप्रिल २०२३ पासून अंक व अक्षरे मिळून होणारा सहा खुणांचा ओळखक्रमांक त्यावर आवश्यक ठरला. साधन बदलले, तरी परीक्षेची सवय कायम आहे.

हाच ग्राहक घरी परतताना मिठाईच्या दुकानाशी थांबतो, तेव्हा मात्र त्याची चिकित्सक वृत्ती कोठे जाते कोण जाणे! भाव विचारला, अर्धा किलो सांगितले, खोके उचलले आणि काम झाले. हा पदार्थ कोणी केला, कशाचा केला, त्याला किती वेळ दिला, यांपैकी एकही प्रश्न तो विचारीत नाही. सोन्याला कसोटी आहे आणि जिभेवर ठेवायच्या वस्तूला नाही, असा जणू आपला समज झालेला असतो.

जगातील काही शहरांनी या समजावर एक रुचकर उपाय शोधला आहे. वाटाड्यासोबत पायी हिंडत, दुकानामागून दुकान घेत, हाताने बनविलेल्या चॉकलेटची चव समजून घेण्याचे कार्यक्रम तेथे ठेवले जातात. दोन-तीन तासांची ही भ्रमंती पोट भरण्यासाठी नसते. चाखायचे कसे, हे तेथे शिकायचे असते. ही पद्धत सदर बाजारात आणली तर काय हाती लागेल, याचा विचार वाचकांपुढे ठेवावा, असा या लेखाचा हेतू आहे.

चॉकलेटच्या गल्ल्यांतून

बेल्जियमची राजधानी ब्रुसेल्स येथे सेंट ह्यूबर्ट या काचेच्या छताच्या जुन्या बाजारपेठेत १८५७ मध्ये नॉयहाउस नावाच्या औषधविक्रेत्याने दुकान थाटले. कडू औषधावर चॉकलेटचा लेप द्यावा, ही त्याची युक्ती. त्याच्या नातवाने १९१२ मध्ये औषधाच्या जागी मऊ गोड सारण भरले आणि 'प्रालीन' हा प्रकार जन्माला आला. आज त्या बाजारात फिरणाऱ्या पाहुण्यांना वाटाड्या ही हकीकत सांगतो आणि मग एकेक प्रालीन हातावर ठेवतो. कथा आधी ऐकलेली असल्यामुळे घास लक्षपूर्वक खाल्ला जातो.

इटलीतील तुरीन शहराची गोष्ट आणखी बोधप्रद आहे. नेपोलियनच्या काळात सागरी व्यापाराची कोंडी झाली आणि कोको दुर्मिळ व महाग झाला. तेथील कारागिरांनी जवळच्या टेकड्यांवर मुबलक मिळणारे हेझलनट भाजून, वाटून, कोकोत मिसळले. अडचणीतून निघालेल्या या मिश्रणातूनच पुढे १८६५ मध्ये 'जांदुयोत्तो' ही होडीच्या आकाराची वडी बाजारात आली आणि तुरीनची ओळख बनली. त्याच शहरात १७६३ पासून चालत आलेल्या एका उपाहारगृहात कॉफी, चॉकलेट आणि साय यांचे थर दिलेले 'बिचेरिन' नावाचे पेय लहानशा पेल्यात मिळते. शहराचा इतिहास, आसपासची शेती आणि कारागिराची सूझ ही तिन्ही एका घोटात कळतात, म्हणून लोक तेथे पायपीट करतात.

आपल्या देशातही आता हे वारे पोहोचले आहे. कोकोचे झाड भारतात १७९८ मध्ये तमिळनाडूतील कुट्रालम येथे प्रथम लावले गेले. परंतु त्याची पद्धतशीर लागवड १९६० नंतरच्या दशकात केरळात रुजली. आज आंध्र प्रदेश, केरळ, कर्नाटक आणि तमिळनाडू ही त्याची प्रमुख राज्ये असून नारळ-सुपारीच्या सावलीत आंतरपीक म्हणून कोको घेतला जातो. ऑरोविल, म्हैसूर, कोची, मुंबई अशा ठिकाणी स्वतः बी आणून, भाजून, वाटून चॉकलेट करणारे छोटे निर्माते गेल्या दशक-दीड दशकात उभे राहिले. हैदराबादेत तर २०२३ मध्ये 'मनम' या निर्मात्यांनी आपला कारखानाच पाहुण्यांना खुला केला आणि गोदावरी जिल्ह्यांतील कोकोची चव थेट त्याच्या जन्मस्थळाच्या नावाने सांगण्याचा प्रघात पाडला.

बी ते वडी

चाखण्यापूर्वी पदार्थ घडतो कसा, हे जाणणे आवश्यक आहे. कोकोच्या फळात पांढऱ्या, गोडसर गरात लपलेल्या तीस-चाळीस बिया असतात. ताजी बी चावून पाहिली तर ती कडू आणि तुरट लागते. चॉकलेटची ओळखही तिच्यात पटत नाही. या बिया गरासकट लाकडी पेटीत भरून, वर केळीची पाने झाकून पाच ते सात दिवस आंबवतात. आतली उष्णता पंचेचाळीस-पन्नास अंशांपर्यंत चढते, तुरटपणा उतरतो आणि ज्यातून पुढे भाजताना सुगंध खुलणार ती द्रव्ये बीमध्ये तयार होतात. आंबवण्याचे हे दिवस चुकविले, तर पुढे कितीही भाजले तरी चॉकलेटचा स्वाद येत नाही.

त्यानंतर बिया आठवडाभर उन्हात वाळतात, बेताच्या आचेवर भाजल्या जातात, टरफले पाखडली जातात आणि गर दगडी यंत्रात दोन-दोन, तीन-तीन दिवस वाटला जातो. या दगडी यंत्राची कथा आपल्याला अभिमान वाटावी अशी आहे. २००० नंतरच्या दशकात अमेरिकेतील हौशी चॉकलेट निर्मात्यांना घरगुती प्रमाणावर कोको वाटण्याचे यंत्र मिळेना. तेव्हा त्यांच्या मदतीला आला तो आपला इडली-डोशाचे पीठ वाटणारा, दगडी पात्राचा वेट ग्राइंडर! कोइमतूरची ओळख असलेल्या या यंत्रात थोडे फेरफार करून जगभरच्या छोट्या चॉकलेट कारखान्यांनी आपला व्यवसाय सुरू केला. साहेबी समजल्या जाणाऱ्या या पदार्थामागे दक्षिण भारतीय स्वयंपाकघर उभे आहे, हे कितीजणांना ठाऊक असते?

चाखण्याची रीत

चॉकलेटची वडी चाखण्याची रीत साधी आहे आणि ती पाचही इंद्रियांना कामाला लावते. प्रथम डोळ्यांनी पाहावे : पृष्ठभागाला तकाकी असेल तर कारागिराने चॉकलेट योग्य अंशांवर आणून गोठविले आहे. मग कानाजवळ तुकडा मोडावा. खरे चॉकलेट 'टक्' असा स्वच्छ आवाज देते, तर वनस्पती तेलाची भेसळवडी बहुधा मुकाट्याने वाकते किंवा भुगा होते. मग हुंगावे. शेवटी जिभेवर ठेवावे आणि चावण्याचा मोह आवरावा. कोकोचे लोणी सुमारे चौतीस अंशांवर, म्हणजे आपल्या अंगाच्या उष्णतेहून जरा कमी तापमानाला वितळते; त्यामुळे वडी आपोआप विरघळू लागते. आधी गोडी, मग आंबटसर फळाची झाक, मग कडसर भाजका स्वाद अशी पायरीपायरीने चव उलगडते आणि घास गिळल्यावरही काही काळ रेंगाळते.

वेष्टनावरचा '७० टक्के' हा आकडा पुष्कळांना कोड्यात टाकतो. बीचा गर आणि कोकोचे लोणी मिळून वडीच्या सत्तर टक्के भरतात व उरलेल्या तीस टक्क्यांत मुख्यत्वे साखर असते, एवढाच त्याचा अर्थ. तो आकडा गुणवत्तेचे प्रमाणपत्र नव्हे. आकडा मोठा असूनही चव उथळ निघू शकते, कारण चव ठरते ती आंबवण आणि भाजणीत.

रायपूर आणि चौतीस अंश

हे सारे घेऊन आता सदर बाजारात येऊ. येथे एक साधा प्रश्न पुढे येतो. सराफ, कापड, भांडी, मसाले असे सारे काही असणाऱ्या या पेठेत चॉकलेटची परंपरा का रुजली नाही? उत्तर हवेत आहे. मे महिन्यात रायपूरचा पारा त्रेचाळीस-चव्वेचाळीस अंशांवर जातो. जो पदार्थ चौतीस अंशांवर वितळतो, तो शीतकपाटाच्या आधीच्या काळात येथे टिकणार कसा? म्हणून छत्तीसगढच्या गृहिणींनी गोडाचा असा संसार मांडला, जो उन्हाळ्यालाही दाद देत नाही : गूळ, तांदूळ, गहू, तीळ आणि तूप-तेलाचे तळण. खुरमी डब्यात पंधरा दिवस राहते आणि माहेराहून सासरी जाताना वाटेत वितळत नाही.

या पदार्थांत मराठी जिभेला परके असे फारसे काही वाटणार नाही. नागपूरकर भोसल्यांच्या फौजा भास्करपंतांच्या नेतृत्वाखाली १७४१ मध्ये या प्रदेशात उतरल्या. बिंबाजी भोसले यांनी १७५८ ते १७८७ या काळात रतनपुराहून कारभार पाहिला. १८१८ मध्ये इंग्रजांनी आपले मुख्य ठाणे रायपूरला आणले आणि शहराचे महत्त्व वाढले. या काळात आलेली मराठी कुटुंबे येथेच स्थिरावली. तात्यापारा या वस्तीच्या नावातच मराठी कानाला ओळखीचा सूर लागतो. रायपूरचे वामन बळीराम लाखे यांनी १९०० साली निघालेल्या 'छत्तीसगढ मित्र' या हिंदी मासिकाच्या प्रकाशनाची धुरा वाहिली आणि १९१३ मध्ये शहरात सहकारी मध्यवर्ती बँकेची पायाभरणी केली, हे बँकेच्या वाचकांना विशेष अगत्याने सांगावेसे वाटते.

चला, पायी निघू या

भ्रमंतीसाठी डिसेंबर-जानेवारीची सकाळ उत्तम. हवा वीस अंशांच्या आसपास असते, त्यामुळे सोबत नेलेली चॉकलेटची वडीही शाबूत राहते. मंडळी आठ-दहाच असावीत, म्हणजे दुकानदाराला त्रास होत नाही आणि प्रत्येकाला प्रश्न विचारता येतो. वाटाड्याने आदल्या दिवशी दुकानदारांशी बोलून घ्यावे, चाखण्याचे पैसे आगाऊ द्यावेत आणि पदार्थांचा क्रम सौम्याकडून तीव्राकडे लावावा. दोन पदार्थांच्या मधे कोमट पाणी आणि चिमूटभर मुरमुरे घेतले, की जीभ पुन्हा कोरी होते.

प्रारंभ जयस्तंभ चौकातून करावा. १८५७ च्या उठावात सोनाखानचे वीर नारायण सिंह यांना १० डिसेंबर रोजी याच परिसरात मृत्युदंड दिला गेला. त्यांना वंदन करून मालवीय मार्गाने पुढे निघावे. पहिला थांबा न्याहारीचा. रायपूरकरांच्या सकाळी पोह्यांबरोबर जिलबी असते. पोह्यांची आपल्याला नवलाई नाही, जिलबीकडे मात्र विद्यार्थ्याच्या नजरेने पाहावे. तिचे पीठ रात्रभर आंबवलेले असेल, तर कुरकुरीत नळीतून पाक ओठांवर येतो आणि त्या गोडाच्या पाठीमागे दह्यासारखा सूक्ष्म आंबटपणा जाणवतो. झटपट फुगविलेल्या पिठाच्या जिलबीत गोडी असते, ती मागची चव मात्र नसते. कोकोच्या बीबद्दल जे वाचले, त्याचाच पहिला पडताळा येथे मिळतो.

तेथून गोल बाजार. किराणा, पूजासाहित्य, लग्नाचा बस्ता आणि मसाले अशा नाना वस्तूंनी गजबजलेल्या या जुन्या पेठेत चारोळी विचारावी. आपल्या श्रीखंडावर, बासुंदीत आणि पुरणात जी चारोळी आपण हात राखून घालतो, ती बस्तर आणि सरगुजाच्या जंगलांत उन्हाळ्याच्या आरंभी आदिवासी कुटुंबे वेचून आणतात. फळाला तेथे 'चार' म्हणतात. गर काढून, आतली टणक आठी फोडून हा दाणा मिळवावा लागतो. दोन दाणे तोंडात टाकावेत आणि सावकाश चावावेत. बदामाचा भास आणि किंचित पिस्त्याची झाक येते. खवट दाण्याला मात्र जुन्या तेलाचा वास असतो. एकदा हा फरक कळला, की पुढच्या खेपेस भावाबरोबर दाणाही तपासला जातो.

कोतवाली चौक ओलांडला, की सदर बाजार. दुतर्फा सराफांची दुकाने, त्यांच्या काचांमागे सुता, ऐंठी, करधन आणि पुतरी. पुतरी म्हणजे नाण्यांची माळ. आपल्या पुतळ्यांच्या माळेची ही सख्खी बहीण. येथे थोडे थांबून वाटाड्याने घडणावळीचा विषय काढावा. एकाच दिवशी एकाच बाजारात सोन्याचा भाव साधारण सारखाच असतो, पण त्याच वजनाच्या दोन दागिन्यांची किंमत निराळी का? कारागिराचे तास निराळे म्हणून. हे सूत्र ध्यानात ठेवून मगच मिठाईकडे वळावे.

मिठाईच्या कपाटात सर्वप्रथम डोळ्यांत भरतो तो वर्ख. सराफाच्या पेठेत चांदी मिठाईवरही चढावी, हे ओघानेच आले. या वर्खालाही कस आहे : अन्नसुरक्षा नियमांनुसार तो ९९९ शुद्धतेच्या चांदीचा असावा लागतो आणि २०१६ मध्ये केलेल्या दुरुस्तीनुसार तो कुटताना प्राणिजन्य वस्तू वापरता येत नाही. दुसरी गोष्ट पाहावी ती म्हणजे कपाटातील तारीख. सुट्या मिठाईच्या ताटाशी 'अमुक तारखेपर्यंत उत्तम' अशी पाटी लावणे १ ऑक्टोबर २०२० पासून दुकानदारांना बंधनकारक झाले. सोन्याचा हॉलमार्क वाचणाऱ्या ग्राहकाने ही पाटीही वाचावी, इतकीच अपेक्षा.

मात्र सदर बाजारातील काचेच्या कपाटात खव्याची मिठाई जितकी सहज दिसते, तितकी खुरमी, अइरसा किंवा देहरोरी दिसत नाही. हे पदार्थ मुख्यतः घरांत होतात, सणाला होतात आणि करणाऱ्या बहुतेक स्त्रियाच असतात. शहरातील सर्वांत चाखण्याजोगी वस्तू बाजारात मांडलेलीच नसावी, हा या भ्रमंतीतील कळीचा मुद्दा आहे. म्हणून आपल्या वाटेत एक थांबा कारागीर गृहिणींचा असावा : ओळखीच्या घरी, महिला बचत गटाच्या केंद्रात किंवा पारंपरिक पदार्थांच्या उपाहारगृहात. महंत घासीदास स्मारक संग्रहालयाच्या आवारात २०१६ मध्ये सुरू झालेल्या 'गढकलेवा' या केंद्राने बचत गटाच्या स्त्रियांच्या हातचे असे पदार्थ शहरातील ग्राहकापुढे ठेवले आणि त्यांना पैसे मोजणारे गिऱ्हाईक आहे, हे सिद्ध केले.

तीन पदार्थ शेजारी शेजारी

या थांब्यावर तीन पदार्थ एका ताटात घ्यावेत. पहिली खुरमी. गव्हाच्या पिठाला सढळ हाताने मोहन घालून, गुळाच्या पाण्यात घट्ट भिजवून, तीळ, खोबरे आणि चारोळी मिसळून केलेली. आच मंद असेल तर ती आतपर्यंत खुसखुशीत होते. आच मोठी असेल तर बाहेरून करपते आणि आत पिठूळ राहते. मोडताना तिचाही आवाज ऐकावा. पोळ्याच्या सणाला मातीच्या बैलांना या खुरमीचा आणि बेसनाच्या ठेठरीचा नैवेद्य दाखवितात. आपण पोळा श्रावण अमावास्येस साजरा करतो, छत्तीसगढात तो भाद्रपद अमावास्येस येतो, असे पंचांगात दिसते. पण महिना मोजण्याची रीत निराळी असल्यामुळे हा एकच दिवस आहे. तीन दिवसांनी हरितालिका, म्हणजे तेथील 'तीजा', येते. त्यासाठी लेकी माहेरी येतात आणि परतताना डब्यातून खुरमी घेऊन जातात.

दुसरा अइरसा, आपल्या अनारशाचा भाऊ. तांदूळ भिजवून, ओलसर असतानाच कुटून, गुळाच्या पाकात मळून तो तळतात. आपण अनारशासाठी तांदूळ तीन दिवस भिजवितो, रोज पाणी बदलतो, सावलीत सुकवून दळतो, गूळ घालून पीठ मुरवत ठेवतो आणि खसखशीवर थापून तळतो. दोन्ही शेजारी ठेवून चाखले, तर मुरण्याने काय साधते हे जिभेला आपोआप उमगते : अइरशात पाकाची सरळ, भरीव गोडी, अनारशात तीच गोडी, पण तिला हलकी आंबूस किनार. तिसरी देहरोरी. तांदळाच्या जाडसर पिठाला दही चोळून ते रात्रभर ठेवतात, सकाळी वड्या तुपात तळून पाकात सोडतात. रवाळ, आतून रसरशीत आणि शेवटी दह्याची आठवण देणारी.

येथे तांदळाचाही विचार करावा. चॉकलेट निर्माता बी कोणत्या मळ्यातले हे सांगतो, तर भाताचे कोठार म्हणविणाऱ्या छत्तीसगढने तांदळाचे गाव का सांगू नये? रायपूरच्या इंदिरा गांधी कृषी विद्यापीठाच्या संग्रहात भाताचे तेवीस हजारांहून अधिक नमुने जतन केलेले आहेत. १९७० च्या दशकात डॉ. आर. एच. रिछारिया यांनी गावोगाव हिंडून केलेल्या संकलनाचा त्यात मोठा वाटा आहे. सरगुजाच्या 'जीराफूल'ला २०१९ मध्ये आणि धमतरी जिल्ह्यातील 'नगरी दुबराज'ला २०२३ मध्ये भौगोलिक निर्देशांक लाभला. अमुक गावच्या तांदळाचा अइरसा, अशी पाटी दुकानात लागली, तर ग्राहकाला चार पैसे अधिक देण्याचे कारण कळेल आणि शेतकऱ्यालाही जुने वाण राखण्याचे.

शेवटचा थांबा बूढा तालाब. बालपणीचे स्वामी विवेकानंद, म्हणजे तेव्हाचे नरेंद्रनाथ, १८७७ ते १८७९ या काळात वडिलांसमवेत याच परिसरात राहिले. म्हणून आता तलावाचे नाव विवेकानंद सरोवर. काठावर बसून सोबत आणलेली भारतीय कोकोची वडी उघडावी आणि प्रत्येकाने एक तुकडा जिभेवर ठेवावा. सकाळची जिलबी, रात्रभर दह्यात मुरलेली देहरोरी, तीन दिवस भिजलेल्या तांदळाचा अनारसा आणि आठवडाभर आंबवलेला कोको यांचे नाते येथे जुळते. चौघांच्याही चवीत वेळ साठविलेला आहे. बँकेच्या भाषेत सांगायचे, तर ही मुदत ठेव आहे. मुदतीपूर्वी मोडली, तर मुद्दल मिळते, पूर्ण व्याज मिळत नाही.

किंमत आणि मोल

हातच्या चॉकलेटची साठ-सत्तर ग्रॅमची वडी काही शे रुपयांना का, हा प्रश्न नेहमी विचारला जातो. कोकोचा भाव हे एक कारण. पश्चिम आफ्रिकेतील पीक बिघडल्यामुळे २०२४ मध्ये आंतरराष्ट्रीय बाजारात कोको टनाला दहा हजार डॉलरच्या वर गेला होता. पुढे तो बराच उतरला. परंतु किमतीतील मोठा भाग घडणावळीचा असतो : निवडलेले बी, थोड्या प्रमाणावरील भाजणी, तीन दिवसांची वाटणी. ती घडणावळ खरी आहे की केवळ आकर्षक वेष्टनाची, हे ओळखण्यासाठी वेष्टनाच्या मागची घटकसूची वाचावी. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने छापणे बंधनकारक असते. कोको आणि कोकोचे लोणी आरंभी असेल तर ठीक. साखर आणि वनस्पती तेल पुढे उभे असतील, तर दाम विचार करून द्यावा. घरोघरी साच्यात ओतून केली जाणारी चॉकलेटे बहुधा तयार 'कंपाउंड'ची लादी वितळवून केलेली असतात. त्यात गैर काहीच नाही. मात्र विकताना तसे सांगावे आणि घेताना तसे विचारावे.

खुरमीची अडचण याच्या नेमकी उलट आहे. तिच्यात घडणावळ भरपूर आणि किंमत नगण्य. घरच्या बाईच्या श्रमाचा हिशेब कोणी मांडत नाही, म्हणून ती वस्तू बाजारात उभी राहत नाही. आणि बाजारात उभी राहत नाही म्हणून पुढची पिढी शिकत नाही. एखादा पदार्थ असाच, कोणाच्या लक्षातही न येता नाहीसा होतो. हे थांबवायचे तर भांडवल आणि जाणकार ग्राहक दोन्ही हवेत. भांडवलाची सोय आज पूर्वीपेक्षा सुलभ आहे. बचत गटांना बँकांशी जोडण्याचा उपक्रम नाबार्डने १९९२ मध्ये सुरू केला. मुद्रा योजनेत 'शिशु' गटात पन्नास हजारांपर्यंत कर्ज मिळते आणि व्यवसाय वाढत गेला तर पुढील गटांत मर्यादाही वाढत जाते. सूक्ष्म खाद्य उद्योगांसाठी २०२० मध्ये आखलेल्या केंद्रीय योजनेत प्रकल्पखर्चाच्या ३५ टक्के, कमाल दहा लाख रुपयांपर्यंत, कर्जाशी निगडित अनुदानाची तरतूद केली गेली. अर्ज करण्यापूर्वी जवळच्या शाखेत चालू अटी विचारून घ्याव्यात, हे सांगणे न लगे.

जाणकार ग्राहक मात्र कोणत्याही योजनेतून मंजूर होत नाही. तो घडवावा लागतो. सदर बाजारात हिंडताना मिळणारी दोन-तीन तासांची शिकवण त्यासाठीच आहे. आपल्या शहरी पाहुणे येतील, नोकरीनिमित्त बदली होऊन नवे सहकारी येतील, सुटीत नातवंडे येतील, तेव्हा त्यांना घेऊन अशी एक फेरी अवश्य काढावी. गाव रायपूरच असावे असेही नाही. नागपूरची इतवारी असो, कोल्हापूरची गुजरी असो की पुण्याची रविवार पेठ, जेथे सराफ आहे तेथे कसाची ओळख आहे आणि चार पावलांवर कोठेतरी कढईही तापलेली आहे. दुकानाशी उभे राहून अर्धा किलो सांगण्यापूर्वी एकच तुकडा मागावा, तो सावकाश जिभेवर ठेवावा आणि करणाऱ्याला विचारावे, 'याला किती वेळ लागला?' उत्तर देताना त्या कारागिराचा चेहरा जर खुलला, तर भाव करण्याच्या भरीस न पडता ती वस्तू निःशंकपणे घ्यावी.